सौर की अणू? मेगावॅट पाहू नका, युनिट मोजा

भोपाळ : नेहरू नगरसारख्या वस्तीत गच्चीवर सौर पॅनेल बसवायची चर्चा निघाली, की एक प्रश्न हमखास येतो. उन्हापासून वीज मिळते, मग अणुप्रकल्प कशाला? मध्य प्रदेशातल्याच दोन प्रकल्पांवरून हिशेब मांडू.

क्षमता आणि उत्पादन : रीवा सौर प्रकल्प ७५० मेगावॅटचा आहे. मंडला जिल्ह्यात नर्मदाकाठी चुटका इथे ७०० मेगावॅटच्या दोन अणुभट्ट्या प्रस्तावित आहेत. ऐकायला रीवा आणि एक भट्टी जवळपास सारखीच. पण सौर पॅनेल रात्री बंद, ढगाळ हवेत मंद. वर्षभराची सरासरी क्षमतेच्या २५ टक्के धरली, तर रीवातून सुमारे १६४ कोटी युनिट निघतात. एक अणुभट्टी ८० टक्के क्षमतेने चालली, तर सुमारे ४९० कोटी. म्हणजे जवळपास तिप्पट.

वेळ आणि दर : रीवाला २०१७ च्या लिलावात पहिल्या वर्षासाठी युनिटला २ रुपये ९७ पैसे दर मिळाला. २०२० मध्ये प्रकल्पाचं लोकार्पण झालं. चुटकाला सरकारी मंजुरी २०१७ चीच, वीज मात्र अजून नाही. अणुप्रकल्पात इंधनाचा खर्च कमी, पण सुरुवातीचा पैसा मोठा आणि वर्षानुवर्षे अडकून पडणारा.

जमीन आणि माणसं : रीवाचं सौर पार्क १,५०० हेक्टरवर पसरलंय. अणुप्रकल्पाला जमीन कमी लागते, पण पाणी भरपूर लागतं आणि वापरलेलं इंधन पिढ्यान्‌पिढ्या सांभाळावं लागतं. चुटका परिसरातली माणसं बरगी धरणात एकदा विस्थापित झालीत. त्यांचा विरोध पुन्हा उठावं लागेल म्हणून आहे.

संध्याकाळचं काय? : सूर्य मावळला की जलविद्युत कामी येते. सरदार सरोवराच्या १,४५० मेगावॅटमध्ये मध्य प्रदेशाचा वाटा ५७, महाराष्ट्राचा २७ आणि गुजरातचा १६ टक्के. तारापूरची अणुवीज तर १९६९ पासून सुरू झाली.

घरात काय फरक? : पंतप्रधान सूर्यघर योजनेत ३ किलोवॅटला ७८,००० रुपये केंद्रीय अनुदान आहे. महिन्याला साधारण ३०० युनिट निघतात, बिल बरंच उतरतं. मात्र बॅटरी नसेल, तर लाईट गेली की ऑन-ग्रिड सिस्टीमही बंद पडते. भर दुपारीसुद्धा. ही गोष्ट पैसे भरण्याआधी विक्रेत्याला जरूर विचारा.