खळ्यावरची पावली

माउलींच्या कृपेने आपल्या दिंडीला शंभर वर्षे झाली. मंडळींनी मला इतिहास लिहायला सांगितला. मी चौथी शिकलेला शेतकरी माणूस, चार गावी कीर्तन करतो एवढंच. दिंडीच्या जुन्या वहीत भिशी कुणी किती दिली ते सापडतं. पावली कुणी कुणाला शिकवली ते कुठंच लिहिलेलं नाही. तेवढंच लिहितो.

तुकोबारायांचे चिरंजीव नारायण महाराजांनी १६८५ साली पालखी सुरू केली. पुढे एकोणिसाव्या शतकात आरफळच्या हैबतरावबाबांनी माउलींच्या सोहळ्याला शिस्त लावली. ती शिस्त पुस्तकात कमी आणि वारकऱ्याच्या पायात जास्त टिकली.

१९७२ च्या दुष्काळात माझी शाळा सुटली. दिवसा दुष्काळी कामावर खडी फोडायची. खळ्यावर दाणा नव्हता, म्हणून थोरले चुलते रात्री आम्हा पोरांना त्या रिकाम्या खळ्यावर पावली शिकवायचे. अनवाणी उभं करायचे. एक-दोन-तीन मोजायचं नाही. हातात टाळ, तोंडात ज्ञानोबा-तुकाराम आणि दोन्ही अंगाला जाणते टाळकरी. त्यांचा खांदा हलला की आपला पाय हलायचा. कुणी खाली बघितलं की म्हणायचे, "डोळ्यानं काय बघतो रं, तळव्यानं बघ." खळ्यावर जमलं की नांगरटीत न्यायचे. ढेकळात तोल राहिला की वाटेवर पाय चुकत नाही.

दिवे घाटात मात्र उड्या नाहीत. चढ बघून चाल संथ धरायची, म्हणजे दम पुरतो. चांदोबाच्या लिंबाला उभ्या रिंगणात अश्व दोन रांगांमधून धावतो. तिथं आपण कुठं उभे आणि शेजारी कुठं, हे अंगालाच कळावं लागतं.

२०२० आणि २०२१ ला पायी वारी झाली नाही, पादुका एसटीने पंढरीला गेल्या. त्याच काळात चुलते वैकुंठवासी झाले. मागे सरकत बसायची एक जुनी पावली त्यांनाच येत होती. "पुढच्या वारीला शिकतो, आबा," असं म्हणत मी कितीतरी वर्षे घालवली. आज ती आपल्या दिंडीत कुणालाच येत नाही. हा दोष माझा आहे, म्हणून इथं लिहून ठेवतो.

२०२२ ला नवी पोरं आली ती मोबाईलवर बघून, घरच्या फरशीवर शिकलेली. पाय बरोबर पडत होते, पण शेजाऱ्याचं भान नव्हतं. पहिल्याच चिखलात दोघं आपटली. आता मळणी यंत्रामुळे खळी राहिली नाहीत. म्हणून ज्वारी काढली की त्याच रानात मी पोरांना अन् पोरींनाही उभं करतो.

माउली, तुमच्या घरी कुणा म्हाताऱ्याला जुनी पावली येत असेल तर आषाढीची वाट बघू नका. त्यांना आमच्या रानात घेऊन या. चालवत नसेल तर मी बैलगाडी पाठवतो. रामकृष्ण हरी!