तोच दिवस, तीच माणसं: प्रेमपटांतला 'टाइम लूप' म्हणजे काय?

गंगापूरमधलं एखादं लग्नघर डोळ्यांसमोर आणा. उद्या लग्न, आज हळद. अंगणात मांडव, पाहुण्यांची गर्दी, डीजे, कुणाचं तरी रुसणं, कुणाचं तरी मनवणं. रात्री उशिरा नवरदेव हळदीच्या अंगानेच आडवा होतो. सकाळी जाग येते तेव्हा तीच मावशी, तोच चहा, तीच हाक: "ऊठ रे, आज हळद आहे." दुसऱ्या दिवशी पुन्हा तेच, तिसऱ्या दिवशीही तेच. बाकी कुणालाच यात काही वावगं वाटत नाही, कारण त्यांच्यासाठी हा दिवस पहिल्यांदाच उगवलेला असतो. लग्नाची तारीख काही येत नाही आणि हे फक्त नवरदेवाला ठाऊक आहे.

यालाच सिनेमाच्या भाषेत 'टाइम लूप' म्हणतात. २०२५ च्या मे महिन्यात आलेल्या 'भूल चूक माफ' या हिंदी सिनेमाची गोष्ट नेमकी हीच आहे, फक्त गंगापूरच्या जागी बनारस आहे. असे सिनेमे दिसायला विनोदी असतात, पण त्यांच्या पोटात एक अवघड प्रश्न असतो. त्याकडे येण्याआधी थोडी ओळख करून घेऊ. (पुढे काही सिनेमांचे शेवट सांगितले आहेत. पाहायचे राहिले असतील तर जपून वाचा.)

काय आहे आणि काय नाही

टाइम लूप म्हणजे काळाचं वेटोळं. एक दिवस, कधी काही तास, संपतो आणि पुन्हा पहिल्यापासून सुरू होतो. जग मागे जातं, पण एका माणसाची आठवण मागे जात नाही. कालच्या 'आज'मध्ये काय घडलं हे त्याला लख्ख आठवतं. ही आठवण हाच या प्रकाराचा गाभा आहे. ती काढून घेतली तर गोष्टच उरत नाही, कारण दिवस परत आल्याचं कळणार कुणाला?

एका दिवसात घडणारे प्रेमपट वेगळे. २०१० चा 'मुंबई-पुणे-मुंबई' आठवा. सतीश राजवाडेंच्या या सिनेमात स्वप्नील जोशी आणि मुक्ता बर्वे एक दिवस पुण्यात फिरतात आणि त्या दिवसातच सगळं घडतं. पण तो दिवस एकदाच येतो, म्हणून तर त्यात हुरहुर आहे. जयंत नारळीकरांची 'गंगाधरपंतांचे पानिपत' ही कथाही इथे बसत नाही. तिथे पानिपताचा निकाल वेगळा लागलेलं दुसरंच जग भेटतं, तोच दिवस परत येत नाही.

सुरुवात एका हवामान निवेदकापासून

या प्रकाराला आज जे रूप आहे ते दिलं १९९३ च्या 'ग्राउंडहॉग डे'ने. दिग्दर्शक हॅरॉल्ड रॅमिस, मूळ पटकथा डॅनी रुबिनची. अमेरिकेतल्या पंक्सटॉनी गावात दरवर्षी २ फेब्रुवारीला खारीच्या कुळातला, बिळात राहणारा एक प्राणी बाहेर काढतात. त्याला स्वतःची सावली दिसली तर थंडी अजून सहा आठवडे राहणार असं मानतात. बुलढाणा जिल्ह्यात अक्षय्य तृतीयेला भेंडवळची घटमांडणी होते आणि तिच्या भाकिताची बातमी करायला वार्ताहर जातात, तसाच हा मामला. सिनेमातला फिल कॉनर्स (बिल मरी) हा टीव्हीवरचा हवामान निवेदक अशीच बातमी करायला येतो. गावाला तुच्छ लेखणारा, स्वतःवर खूश असलेला माणूस. तो २ फेब्रुवारीतच अडकतो.

सोबत आलेली निर्माती रीटा (अँडी मॅकडॉवेल) त्याला आवडते. मग तो काय करतो? एका 'आज'मध्ये तिला काय प्यायला आवडतं हे विचारून घेतो, पुढच्या 'आज'मध्ये तेच मागवतो. तिने कॉलेजात फ्रेंच कविता शिकली हे कळताच पहिल्यांदा हसतो आणि पुढच्या खेपेला फ्रेंच कविता म्हणून दाखवतो. तिला वाटतं, किती जुळतंय आपलं! त्याच्यासाठी मात्र ती पाठ करून दिलेली परीक्षा असते. रात्री शेवटी दर वेळी तिची थप्पड बसते. कुठे पाणी मुरतंय हे तिला सांगता येत नाही, पण जाणवतं.

हा भाग पडद्यावर विनोदी आहे. थोडा वेळ रीटाच्या जागी बसून पाहिलं तर मात्र अंगावर काटा येतो. समोरचा माणूस तुम्हाला शंभर वेळा भेटलाय, तुम्ही त्याला आजच भेटताय.

खरा पेच: एकाला माहीत, दुसऱ्याला नाही

तोच दिवस जगणाऱ्या प्रत्येक प्रेमकथेला या पेचाला उत्तर द्यावं लागतं. एकाकडे सगळी माहिती आणि दुसऱ्याकडे कोरी पाटी असेल, तर त्याला प्रेम म्हणायचं की सापळा? माझ्या मते या सिनेमांची प्रत यावरूनच ठरते. लूप कसा सुरू झाला, त्यामागचं विज्ञान काय, हे प्रश्न त्यामानाने किरकोळ आहेत. 'ग्राउंडहॉग डे' तर त्याचं कारणच देत नाही आणि कुणाचं काही अडत नाही.

फिलचं उत्तर असं: रीटाला मिळवण्याचा खटाटोप तो सोडून देतो. पियानो शिकतो, झाडावरून पडणाऱ्या पोराला रोज झेलतो, एका म्हाताऱ्या भिकाऱ्याला वाचवायचा प्रयत्न करतो आणि त्यात रोज हरतो. रीटा त्याच्याकडे ओढली जाते ती त्याने तिचे धडे पाठ केल्यामुळे नव्हे. तो तिच्याकडे न पाहता जे करत असतो, ते ती पाहते.

२००४ चा 'फिफ्टी फर्स्ट डेट्स' हाच पेच उलटा करतो. इथे काळ नीट पुढे सरकतो, अडकलेली असते ती लूसीची (ड्रू बॅरीमोर) आठवण. अपघातानंतर तिला झोपेतून उठल्यावर नवं काहीच आठवत नाही. रोज तिला वाटतं, आज वडिलांचा वाढदिवस. वडील आणि भाऊ तिला धक्का बसू नये म्हणून तोच दिवस रोज रचतात: तेच जुनं वर्तमानपत्र, तोच वाढदिवस, तोच सिनेमा. यातला आजार सिनेमापुरता बनवलेला आहे, वैद्यकशास्त्रात त्या नावाचा आजार नाही. पण घरच्यांचं ते प्रेमळ खोटं फार ओळखीचं वाटतं. आपल्याकडेही आजारी माणसापासून आजार लपवणारी घरं कमी नाहीत. हेन्री (ॲडम सँडलर) हे खोटं मोडतो. अपघात, गेलेली वर्षं, आपण कोण, हे सगळं सांगणारी चित्रफीत तो तिच्यासाठी बनवतो आणि ती रोज सकाळी पाहते. तिला दररोज नव्याने रडू येतं, पण निर्णय तिचा तीच घेते.

याच्या अगदी विरुद्ध टोकाला २०१३ चा 'अबाउट टाइम'. नायक टिम काळात मागे जाऊ शकतो आणि मेरीशी पहिली भेट हवी तशी जुळवून आणतो. दोघांचं लग्न होतं, मुलं होतात. मेरीला हे कधीच सांगितलं जात नाही. सिनेमा गोड आहे, वडील-मुलाचा भाग तर डोळ्यांत पाणी आणतो, पण ही एक गोष्ट त्याने सोयीस्करपणे गालिच्याखाली ढकलली आहे.

२०२० च्या 'पाम स्प्रिंग्स'ने वेगळी वाट काढली. इथे एका लग्नाच्या दिवसात नायक आणि नायिका दोघंही अडकतात, म्हणजे दोघांनाही आठवतं. पेच सुटला असं वाटतं. पण नाइल्स तिच्या खूप आधीपासून अडकलेला असतो. ती लूपमध्ये येण्याआधी दोघांत बरंच काही घडून गेलेलं असतं आणि ते त्याने लपवलेलं असतं. हे कळल्यावर सॅरा त्याला सोडून जाते, पुन्हा पुन्हा येणाऱ्या त्याच एका दिवसात भौतिकशास्त्र शिकते आणि बाहेर पडायची वाट स्वतः शोधते. हा सिनेमा आला तेव्हा कोविडमुळे अर्धं जग घरात बसून तोच तो दिवस जगत होतं.

गोव्यातली सावी

आता आपल्याकडे येऊ. २०२२ च्या फेब्रुवारीत नेटफ्लिक्सवर 'लूप लपेटा' आला. दिग्दर्शक आकाश भाटिया, गोष्ट गोव्यात घडते. टॉम टायकरच्या १९९८ मधल्या 'रन लोला रन' या जर्मन सिनेमाचा हा अधिकृत हिंदी अवतार. तिथे लोलाला वीस मिनिटांत पैसे उभे करून प्रियकराला वाचवायचं असतं. इथेही प्रियकराने गुंडाचे पैसे हरवलेत, वेळ हातातून निसटतेय आणि नायिका धावतेय. फेरी फसली की घड्याळ मागे. पूर्ण दिवस इथे फिरत नाही, दिवसाचा एक तुकडा फिरतो.

रंगांची उधळण आणि कॅमेऱ्याच्या कसरती जरा जास्तच आहेत. पण पात्रांच्या नावांत खरी कल्पकता आहे. नायिका सावी (तापसी पन्नू), नायक सत्या (ताहिर राज भसीन). सावित्री आणि सत्यवान! सावी एकेकाळची धावपटू, दुखापतीने तिची कारकीर्द संपलेली.

ज्येष्ठ पौर्णिमेला वडाला सूत गुंडाळणाऱ्या बायका महाराष्ट्राला नव्या नाहीत. त्या सुताचे फेरे आणि 'लूप' यांचं नातं नुसतं शब्दांचं नाही. महाभारताच्या वनपर्वातली मूळ कथा नीट पाहा. सत्यवान बरोबर एक वर्षाने मरणार हे नारद लग्नाआधीच सांगतात. सावित्री तरीही त्यालाच वरते. वर्षभर ती दिवस मोजते आणि सत्यवानाला त्याचा पत्ता नसतो. शेवटचे तीन दिवस ती व्रत करते, त्या दिवशी हट्टाने त्याच्यासोबत रानात जाते. म्हणजे टाइम लूपमधल्या नायकाची अवस्थाच ही: पुढे काय होणार हे एकीला ठाऊक, शेजारचा माणूस निर्धास्त.

सावित्रीला मात्र दुसरी फेरी मिळत नाही. एकाच खेपेत तिला यमाशी बोलत बोलत वर मिळवावे लागतात: सासऱ्याची दृष्टी, त्याचं राज्य, वडिलांना पुत्र, स्वतःला पुत्र, आणि मग अर्थातच नवरा. सत्यवान जागा होऊन विचारतो तेव्हा ती म्हणते, उद्या सांगेन. आश्रमात पोचल्यावर मात्र सगळ्यांसमोर ती सगळं उलगडून सांगते. जे लपवलं होतं ते गोष्ट संपायच्या आत उघड होतं. 'अबाउट टाइम'च्या टिमपेक्षा ती या बाबतीत सरळ म्हणायची.

हळदीला अडकलेला रंजन

'भूल चूक माफ'चे दिग्दर्शक करण शर्मा. रंजन (राजकुमार राव) आणि तितली (वामिका गब्बी) यांचं प्रेम आहे, पण तिच्या वडिलांची अट आहे सरकारी नोकरीची, आणि त्यासाठी मुदत दोन महिन्यांची. ही अट बनारसची म्हणून सांगितली असली तरी मराठवाड्यात कुणाला ती समजावून सांगावी लागणार नाही. शेती आहे, घर आहे, मुलगा निर्व्यसनी आहे, पण "नोकरी आहे का?" या प्रश्नावर बोलणी थांबल्याचे किस्से गावोगाव ऐकायला मिळतात. स्पर्धा परीक्षेच्या वह्या बगलेत घेऊन तिशी गाठलेल्या मुलांना रंजन परका वाटू नये.

रंजन पैसे चारून नोकरी मिळवतो. त्याआधी त्याने महादेवाला बोललेलं असतं की काम झालं तर एक पुण्याचं काम करीन. नवस विसरतो आणि हळदीच्या दिवशी अडकतो. गाईला चारा घाल, असल्या स्वस्त पुण्याने काही सुटत नाही. शेवटी त्याला कळतं की त्याने पैशाने घेतलेली जागा दुसऱ्या एका तरुणाच्या हक्काची होती आणि तो तरुण आता जीव द्यायला निघालाय. नोकरी परत दिली तरच उद्या उजाडणार. पण नोकरी दिली तर लग्न कशावर?

मधले विनोद ताणलेले आहेत आणि शेवटाकडे भाषण थोडं लांबतं. तरी एक गोष्ट या सिनेमाने आपली म्हणून केली आहे. परदेशी सिनेमांत लूपमधून सुटका म्हणजे बहुतेकदा स्वतःला सुधारणं किंवा प्रेयसीला समजून घेणं असतं. इथे ती देणं फेडण्यावर येते, तेही एका अनोळखी माणसाचं. आणि लपवाछपवीचा पेच इथेही आहेच: ज्या नोकरीवर लग्न ठरलं ती कशी मिळाली, हे सासऱ्यांना कुठे माहीत होतं?

पाहायचे असतील तर

घरच्यांसोबत बसायचं असेल तर 'भूल चूक माफ'पासून सुरुवात करा. भाषेची अडचण नसेल तर आधी 'ग्राउंडहॉग डे' आणि लगेच 'पाम स्प्रिंग्स' पाहा. सत्तावीस वर्षांत नायिकेच्या हातात किती गोष्टी आल्या ते दिसेल. 'लूप लपेटा'साठी 'रन लोला रन' आधी पाहण्याची गरज नाही, फक्त सावित्रीची गोष्ट आठवत असू द्या. प्रेमकथा नको पण लूप हवा असेल तर २०२१ चा तमिळ 'मानाडू' आहे. त्यात वेळ अशी येते की नायकासोबत खलनायकालाही सगळं आठवायला लागतं.