ताडपत्री सोडल्यापासून साठ तास

वऱ्हाडात जनावरांच्या जिवाचा घोर लागतो तो उन्हाळ्यात, आणि त्यात नवल नाही. मे 2024 च्या शेवटच्या आठवड्यात अकोल्याचा पारा 45 अंशांच्या वर गेला, तेव्हा जिल्हाधिकाऱ्यांना 31 मेपर्यंत कलम 144 लावावं लागलं. ऊन पेपरात येतं, आकड्यानिशी येतं. मेंढ्यांच्या शेडमधली हवा मात्र कुठंच छापून येत नाही, कारण ती कुणी मोजत नाही. त्यामुळे आषाढ-श्रावणाच्या झडीत कोकरं मेली की दोष पावसावर जातो, थंडीवर जातो, नाहीतर कुणाच्या तरी नजरेवर.

खालचा घटनाक्रम कुणा एकाच्या शेडचा नाही. दर्यापूर ते मूर्तिजापूर या खारपाणपट्ट्यात झड लागली की ज्या चुका एकामागून एक होतात, त्या इथं एका शेडात गोळा केल्या आहेत. शेड असं समजा: 40 फूट लांब, 20 फूट रुंद. वर टिन, खाली काळ्या मातीवर अंथरलेला मुरूम. चारी बाजूंनी तीन फूट भिंत, त्यावर जाळी. आढ्याला मिस्त्रीनं फूटभर फट ठेवून वर टोपी बसवलेली. आत 70 मेंढ्या आणि 30 कोकरं. मोठ्या मेंढीला 10 ते 12 चौरस फूट जागा लागते, म्हणजे मेंढ्यांनीच शेड भरलं, कोकरं वरकड. घरात तिघं: रानोमाळ खांड घेऊन हिंडलेला म्हातारा, बंदिस्त पालनाचं मनावर घेतलेला मुलगा, आणि कोकरांचं सगळं पाहणारी सून.

60 तास आधी. रविवार, संध्याकाळी 6

पावसाचा जोर वाढला. तिरपी सर जाळीतून आत येऊ लागली. म्हातारा ओसरीवरून ओरडला, "ताडपत्री सोडून दे रे, कोकराइले वारं लागन." मुलानं वळचणीला बांधलेल्या गुंडाळ्या चारी बाजूंनी सोडल्या. ताडपत्री वरून खाली आली आणि भिंतीच्या अर्ध्यावर लोंबकळत राहिली.

सगळी गोष्ट या एका कृतीत आहे. ताडपत्री वर घट्ट आणि खाली मोकळी. शेडातली गरम, ओली, घाण हवा वर चढते. तिचा वळचणीजवळचा रस्ता बंद झाला. खालची कड मात्र वाऱ्यानं फडफडतेय, आणि तिथून येणारा गार झोत भिंतीवरून थेट खाली बसलेल्या कोकरांच्या अंगावर. जिथं वारा हवा तिथं नाही, जिथं नको तिथं आहे. अमरावतीकडच्या ब्रॉयलर शेडवर जाऊन पाहा: पडदा खाली पक्का असतो आणि वरून उघडतो. कोंबडीवाल्यांना हे कळलं कारण त्यांचं नुकसान एका रात्रीत हजारांनी मोजलं जातं.

57 तास आधी. रविवार, रात्री 9

आत ऊब आली. सून समाधानानं कंदील फिरवून गेली. मेंढ्या रवंथ करतायत, कोकरं आईला चिकटलेली.

जमिनीवर काम सुरू झालेलं आहे. मेंढीच्या लघवीत युरिया असतो, तिच्या लेंडीतल्या जिवाणूंत तो फोडणारं विकर असतं. दोन्ही ओल्या जागी एकत्र आले की अमोनिया तयार होतो. कोरडी लेंडी निरुपद्रवी असते, म्हणून उन्हाळ्यात याच शेडात याच मेंढ्यांचा वास येत नव्हता. शिवाय आता रान हिरवं झालंय. कोवळ्या गवतात प्रथिनं जास्त, त्यामुळे लघवीत नत्र जास्त.

50 तास आधी. सोमवार, पहाटे 4

टिनाला घाम फुटला. शंभर जिवांच्या श्वासातली वाफ पावसानं गार झालेल्या पत्र्याला लागली आणि तिचे थेंब होऊन खाली पडू लागले.

48 तास आधी. सोमवार, सकाळी 6

मुलगा दार उघडून आत गेला आणि दोन पावलं मागं आला. "बा, वास येऊन रायला आज." दहा मिनिटांनी तो आतच धार काढत होता आणि वास येत नव्हता. वास गेला नव्हता, नाक मेलं होतं. अमोनियाचा हाच धोका आहे. माणूस काम करता करता त्याला सरावतो आणि समजतो की हवा सुधारली. माणसांसाठी आठ तासांच्या कामाला धरलेली मर्यादा दहा लाखांत 25 भाग इतकी आहे. साधारण तिथंच डोळे चुरचुरायला लागतात. मेंढीला आठ तासांनी सुट्टी होत नाही.

आणखी एक. मुलाचं नाक जमिनीपासून पाच फुटांवर आहे. कोकरू बसतं तेव्हा त्याचं नाक वीतभर उंचीवर असतं, जिथून वायू निघतो तिथंच.

45 तास आधी. सोमवार, सकाळी 9

थेंब पडतायत म्हणजे टिन गळतंय, असा घरात निष्कर्ष निघाला. संशय आढ्याच्या फटीवर गेला. मुलगा शिडी लावून वर चढला, खताच्या पोत्यांचं प्लास्टिक टोपीखाली कोंबलं आणि वरून दगड ठेवले. ती फट ज्यानं ठेवली तो मिस्त्री शहाणा होता, पण ती कशासाठी आहे हे त्यानं सांगितलं नव्हतं आणि कुणी विचारलंही नव्हतं. शेडाचं शेवटचं धुराडं बंद झालं. दुपारपर्यंत थेंब वाढले.

38 तास आधी. सोमवार, दुपारी 4

खांड दोन दिवस बाहेर निघणार नव्हती. कुटार आणि कापून आणलेलं ओलं गवत आतच टाकलं.

इथं थोडा हिशेब करू. एक मेंढी दिवसाला लिटरभर लघवी करते असं धरा. एरवी दिवस रानात जातो, निम्मी लघवी रानाला मिळते. शेतकरी त्यासाठी पैसे किंवा धान्य देऊन मेंढ्या शेतात बसवून घेतात. झडीत ती सगळी शेडात. 70 मेंढ्या, अडीच दिवस: पावणेदोनशे लिटर, म्हणजे डिझेलचा मोठा ड्रम जवळजवळ भरून. खाली मुरूम, त्याखाली खारपाणपट्ट्याची काळी चिकण माती, जी पावसात फुगून पाणी खाली जाऊ देत नाही. ड्रम आतच राहिला.

म्हातारा दारात उभा राहून म्हणाला, "आमच्या वाड्यात असा वास कधी नव्हता." खरंच नव्हता. वाघूर लावून उघड्या रानात केलेल्या वाड्यात मेंढ्या भिजतात, लांडगा येतो, चोर येतात. पण हवा कोंडत नाही, आणि चार दिवसांनी वाड्याची जागा बदलते. हा प्रश्न शेडानं आणला. 2017 पासून राजे यशवंतराव होळकर महामेष योजनेत 20 मेंढ्या आणि एक नर असे गट मिळू लागले, स्थायी पालनालाही मदत मिळू लागली. चराईची रानं आटत चालली असताना शेड हाच पुढचा मार्ग आहे, त्याबद्दल माझी तक्रार नाही. तक्रार एवढीच की पत्र्याची जाडी, नळ्यांचा भाव, मिस्त्रीची मजुरी यांवर आपण तासभर बोलतो आणि हवेवर मिनिटभरही नाही.

30 तास आधी. सोमवार, मध्यरात्री 12

लाईन गेली. कोपऱ्यातला पंखा बंद पडला. फार फरक पडला नाही, कारण तो आतलीच हवा आत फिरवत होता.

पंखे असले म्हणजे झालं, हा समज मोठ्यामोठ्यांना नडला आहे. ऑगस्ट 2017 मध्ये ऑस्ट्रेलियातल्या फ्रीमँटलहून 63,804 मेंढ्या घेऊन अवासी एक्स्प्रेस हे जहाज आखातात गेलं. डेकवर हवा खेळवणारी यंत्रणा होती, पण बाहेरून येणारी हवाच इतकी तप्त आणि दमट होती की मेंढीला धापून अंग गार करता येईना. 2,400 मेंढ्या मेल्या. पुढल्या वर्षी जहाजावरचं चित्रण टीव्हीवर आलं, देश हादरला, आणि 2024 मध्ये तिथल्या संसदेनं 1 मे 2028 पासून समुद्रमार्गे जिवंत मेंढ्या पाठवणं बंद करणारा कायदा केला. आपल्याकडे तीस कोकरांच्या शेडावर कॅमेरा येत नाही.

22 तास आधी. मंगळवार, सकाळी 8

आता वास शेजाऱ्यालाही आला. त्यानं सल्ला दिला आणि अर्धं पोतं चुनाही. ओल्या लेंडीवर मुलानं चुना भुरभुरला, मेंढ्या आत असतानाच.

झडीतल्या शेडात यापेक्षा वाईट काही करता येत नाही. ओल्या खतातला बराचसा अमोनिया पाण्यात अमोनियम होऊन अडकून बसलेला असतो. चुन्यानं ते पाणी अल्कधर्मी होतं आणि अडकलेला सगळा माल वायू होऊन सुटतो. चुना जंतू मारतो हे खरं, पण तो खरडून काढलेल्या, मोकळ्या जमिनीवर, जनावरं बाहेर असताना. ओल्या थरावर टाकलेला चुना म्हणजे वायूची टाकी उघडणं.

20 तास आधी. मंगळवार, सकाळी 10

कोकरांच्या डोळ्यांखालची लोकर ओली. दोन-तीन खोकतायत. "सर्दी झाली," सून म्हणाली, आणि ताडपत्रीचे खालचे दोरही आवळून बांधले.

12 तास आधी. मंगळवार, संध्याकाळी 6

डास आणि चिलटं फार झाली म्हणून शेडात कडुलिंबाच्या पाल्याचा धूर केला. हेतू चुकीचा नाही. चिलटांमुळे पसरणारा नीलजिव्हा रोग पावसाळ्यातला जुना वैरी आहे. भारतात तो पहिल्यांदा 1964 साली नोंदला गेला, तोही महाराष्ट्रातच. उघड्या वाड्याच्या कडेला केलेला धूर चिलटं हाकलतो आणि निघून जातो. चारी बाजू आवळलेल्या शेडात तो जाणार कुठं?

7 तास आधी. मंगळवार, रात्री 11

सुनेनं एका कोकराच्या कुशीवर हात ठेवला. शांत बसलेल्या जनावराचा श्वास मिनिटाला वीसच्या आसपास चालतो. तिच्या हाताखाली तो मोजता येत नव्हता. कान गरम, मान पुढं ताणलेली, नाकपुड्या फुगलेल्या, नाकाशी फेस.

आत काय झालं होतं ते सांगता येतं. मॅनहायमिया आणि पाश्चुरेला हे जिवाणू धडधाकट मेंढीच्या नाका-घशातही राहतात. श्वासनलिकेच्या आतल्या बारीक केसांची हालचाल त्यांना सतत वर ढकलत असते. अमोनियानं ते केस लुळे पडतात. अंगावर खालून गार झोत, नाकात वायू, वरून धूर. पहारा उठला आणि जिवाणू फुफ्फुसात उतरले. त्यानंतर कोकरू दिवसभरही काढेल याची खात्री नसते.

म्हाताऱ्यानं हळदीचा काढा बाटलीनं पाजला. धापणाऱ्या जनावराला बाटलीनं काहीही पाजू नये. ते पोटाऐवजी फुफ्फुसात जातं.

0. बुधवार, सकाळी 6

चार कोकरं मेलेली, सात आडवी, मोठ्या मेंढ्यांतल्या नऊ खोकणाऱ्या. पाऊस थांबला होता.

डॉक्टर साडेआठला आले. इंजेक्शनची पेटी उघडण्याआधी त्यांनी मुलाला वळचणीचे दोर कापायला लावले आणि जनावरं ओट्यावर काढली. मग बाभळीखाली एक कोकरू फाडलं. फुफ्फुसाचा पुढचा, खालचा भाग लालकाळा, घट्ट. त्याचा तुकडा कापून बादलीत टाकला. चांगलं फुफ्फुस पाण्यावर तरंगतं. हा तुकडा सरळ तळाला गेला.

"पण साहेब," मुलगा म्हणाला, "एक कोकरू तं थेंबानंबी भिजलं नव्हतं."

ते खरंच होतं. मेंढी भिजून मरते त्यापेक्षा जास्त वेळा ती कोरडी राहून, कोंडून मरते, हे माझं मत आहे. ते न पटणाऱ्यानं झडीच्या तिसऱ्या दिवशी कुठल्याही आवळलेल्या शेडात गुडघ्यावर बसून पाहावं.

करायचं ते फारसं खर्चाचं नाही. तीच ताडपत्री, तोच दोर. तिची कड खाली भिंतीला पक्की बांधा आणि वर, वळचणीखाली, फूट-दीड फूट जागा कायम मोकळी सोडा. पाऊस आत येत असेल तर पत्रा बाहेर वाढवून घ्या. फट बुजवू नका. आढ्याच्या टोपीला हात लावू नका. पहिली झड लागण्याआधी मुरुमाला उतार आणि बाहेर नाली काढा. ओला थर रोज खरडा आणि कोरडं कुटार पसरा. उघाड मिळाली, तासभर का होईना, खांड बाहेर काढा. नवं शेड बांधणार असाल तर लांबी पूर्व-पश्चिम ठेवा आणि अमरावतीजवळ पोहऱ्याला शेळी-मेंढी महामंडळाचं प्रक्षेत्र आहे, ते एकदा जाऊन पाहा.

आणि आज रात्री शेडात जाल तेव्हा कोकराशेजारी बसून, नाक त्याच्या उंचीवर नेऊन तीन श्वास घ्या. डोळे चुरचुरले तर सकाळची वाट पाहू नका, दोर तेव्हाच सोडा. कोकरू धापत असेल तर 1962 वर फोन करा. तो नंबर फुकट आहे.