दामाजींचे कोठार आणि माळावरची गावे

(आकाशवाणीवरील भाषणाचा संपादित अंश)

सोलापूरहून मंगळवेढ्याला निघालात की बेगमपूरनंतर भीमेचा पूल लागतो. पलीकडे माचणूर. नदीकाठी सिद्धेश्वराचे देऊळ आणि किल्ल्याची तटबंदी. शेजारी ब्रह्मपुरी. १६९५ ते १६९९ अशी चार वर्षे औरंगजेबाची छावणी इथे होती. हिंदुस्थानचा कारभार या काळ्या रानातून चालला. बादशहाने गावाचे नाव इस्लामपुरी केले, पण लोकांच्या तोंडी ब्रह्मपुरीच राहिले. अलीकडच्या काठावर त्याच्या घरच्या एका बेगमेची कबर आहे आणि तिच्यावरून बेगमपूर हे नाव पडले, असे सांगतात. ते मात्र टिकले. गावे कोणते नाव ठेवतात आणि कोणते टाकून देतात, याचा हिशेब बादशहाच्या हाती नसतो.

माझे आजोळ मंगळवेढ्याकडचे. उत्तरेला माण आणि भीमा, आणि गावाभोवती काळीभोर, भारी जमीन. सोलापूर जिल्ह्यात सरासरी साडेपाचशे मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो, तोही बेभरवशाचा. पण परतीचा पाऊस या जमिनीत मुरला की ती ओल धरून ठेवते. त्या ओलीवर आणि थंडीतल्या दंवावर ज्वारी येते. वरून पाणी द्यावे लागत नाही. रान भेगाळू नये म्हणून कोळपे मात्र धरावे लागते. 'एक कोळपणी, अर्धे पाणी' हे आजोबांचे वेदवाक्य होते. ही मालदांडी पांढरीशुभ्र, टपोरी, आणि तिची भाकरी दुसऱ्या दिवशीही मऊ. २०१६ साली मंगळवेढ्याच्या ज्वारीला भौगोलिक मानांकन मिळाले. आजी असती तर म्हणाली असती, सरकारला आता कळले होय?

आजोळी पेव होते. जमिनीत खोल खड्डा, आत ज्वारी, वर दगड आणि माती. पेव उघडले की लगेच कोणी उतरायचे नाही, आत कोंडलेली हवा जीव घेते. आधी कंदील सोडायचा. तो विझला नाही तरच माणूस उतरणार. लहानपणी मला त्या अंधाराची भीती वाटे. पुढे समजले की या मुलखाचा इतिहास या पेवाभोवतीच फिरतो. धान्य कुणाचे, आणि ते उघडायचा हक्क कुणाचा?

मंगळवेढा तसे फार जुने. बाराव्या शतकात कल्याणला जाण्यापूर्वी कलचुरी बिज्जलाची राजधानी इथे होती आणि बसवेश्वरांचा सुरुवातीचा काळ इथे गेला. चोखोबा इथल्या गावकुसाच्या बांधकामावर होते. १३३८ साली ते कूस कोसळले आणि त्याखाली ते गेले. ज्याला कुसाबाहेर ठेवले, त्यानेच ते उभारायचे होते. पुढे बहामनी आले, आदिलशाही आली. इंग्रजी अमलात मंगळवेढा सांगली संस्थानात होते. १९४८ साली संस्थान विलीन झाले आणि मग हा तालुका सोलापूर जिल्ह्याला जोडला गेला.

आणि दामाजीपंत. बिदरच्या बादशहाचा इथला अंमलदार. दुष्काळ पडला, माणसे तडफडू लागली, तेव्हा पंतांनी सरकारी कोठार लोकांना खुले केले. बादशहाने पकडून आणायचा हुकूम सोडला, तेव्हा खुद्द विठोबा विठू महार होऊन बिदरला गेला, धान्याची रक्कम भरली आणि पावती घेऊन आला. लोक या दुष्काळाला दुर्गादेवीचा दुष्काळ म्हणतात. पण तो १३९६ च्या सुमारास सुरू झाल्याचे मानतात आणि राजधानी बिदरला गेली ती पंधराव्या शतकात. म्हणून काही अभ्यासक दामाजींचा दुष्काळ १४६० च्या आसपासचा धरतात. गंमत अशी की बोलीत आपण पैशालाच 'दामाजी' म्हणतो. ज्याने सरकारी माल फुकट वाटला, त्याचे नाव!

शाळेच्या स्नेहसंमेलनात आम्ही दामाजींचे नाटक केले. बादशहाचे काम माझ्याकडे आले. का, ते सांगायला नको. मी डोळे वटारून हुकूम सोडले, टाळ्याही मिळाल्या. घरी आल्यावर आजीने विचारले, "शेवटी पावती कुणी दिली रे?" मी म्हणालो, "बादशहानं." ती म्हणाली, "मग तेवढं नीट कर. पैसे मिळाले म्हणून त्यानं पावती दिली, दुसऱ्यांदा मागितले नाहीत." बादशहा भला होता असे तिला म्हणायचे नव्हते. कान्होपात्रेला बोलावणे धाडणारा बिदरचा बादशहाही तिला माहीत होता. दोन्ही गोष्टी ती एकाच संध्याकाळी, दखनीतून सांगे.

पण दामाजींच्या मंगळवेढ्याचा दक्षिण भाग निराळा आहे. मरवड्याच्या पुढे काळी माती पातळ होत जाते, माळ आणि मुरूम लागतो. हुन्नूर, सलगर, मारोळी, हुलजंती. नावांतच कानडी आहे, घराघरांत मराठी-कानडी एकमेकांत मिसळलेली. दिवाळीच्या अमावास्येला हुलजंतीला महालिंगरायाच्या पालख्या भेटतात, तेव्हा कर्नाटकातून माणसांचे लोंढे येतात. एरवी या गावांतून माणसे बाहेर जातात. ऊस तोडायला, पोट भरायला.

आजचे कोठार म्हणजे उजनी. भीमेवरचे हे धरण १९८० साली पुरे झाले. ११७ टीएमसीचे. नदीकाठी ऊस उभा राहिला, पण दक्षिणेची गावे उंचावर, पाणी उपसूनच न्यावे लागते. '३५ गावांचा पाणीप्रश्न' हे शब्द तालुक्यात पिढीच्या पिढीने ऐकले. २००९ च्या लोकसभा निवडणुकीवर अनेक गावांनी बहिष्कार टाकला. म्हैसाळ योजनेतून कृष्णेचे पाणी काही गावांपर्यंत आले. २४ गावांच्या उपसा सिंचन योजनेचा नारळ २०२४ मध्ये फुटला.

मागे एका उन्हाळ्यात त्या बाजूला गेलो होतो. पारावर एक म्हातारे धनगर बसले होते. मी कवी आहे, रेडिओवर बोलतो, असे कुणीतरी त्यांना सांगितले. मी दामाजींचा विषय काढला. त्यांनी ऐकून घेतले, तंबाखू थुंकली आणि म्हणाले, "पंतांचं सगळ्यास्नी ठावं हाय. तुमी रेडिवर बोलता न्हवं? मग पाण्याचं बोला."