जोसेफ विर्शिंग व त्याचें छायालेखन

लिपिकार मध्येंच दिवंगत झाला व पोथीचीं उरलेलीं पानें दुसऱ्या हातानें पुरीं केलीं, असे प्रसंग संग्राहकांस नवे नाहींत. बाणभट्टाची कादंबरी त्याच्या पुत्रानें पूर्ण केली, हें तर सर्वश्रुतच आहे. 'पाकीजा' ह्या हिंदी बोलपटाची गत तशीच झाली. तो १९७२ सालीं प्रदर्शित झाला. परंतु त्याचा मुख्य छायालेखक जोसेफ विर्शिंग १९६७ सालींच वारला होता. राहिलेलें काम इतरांनीं मिळून उरकलें. तेव्हां कोणतें दृश्य कोणाच्या हातचें, हें ठरवावयाचें तर ह्या जर्मन गृहस्थाचें वळण आधीं ओळखलें पाहिजे.

विर्शिंगचा जन्म म्युनिक येथें १९०३ सालीं झाला. तेथील एमेल्का कंपनीनें हिमांशु राय ह्यांच्या सहकार्यानें 'प्रेम संन्यास' हा बुद्धचरित्रपर मूकपट १९२५ सालीं काढला. त्याच्या चित्रणासाठीं दिग्दर्शक फ्रान्झ ऑस्टेन ह्याच्यासह तो प्रथम हिंदुस्थानांत आला. पुढें राय व देविकाराणी ह्यांनीं १९३४ सालीं मालाडास बॉम्बे टॉकीज स्थापिली, तेव्हां हे दोघेही पुनः दाखल झाले. 'जवानी की हवा' (१९३५), 'अछूत कन्या' (१९३६), 'सावित्री' (१९३७) हे बोलपट विर्शिंगनेंच टिपले. १९३९ सालीं युद्ध पेटतांच सरकारनें जर्मन म्हणून त्यास स्थानबद्ध केलें. ऑस्टेन स्वदेशीं परतला; विर्शिंग मात्र सुटकेनंतरही येथेंच राहिला.

आम्ही आयुष्यभर फळ्यावर शब्दरूपें लिहिणारे. यंत्रांत आमची गति नाहीं. तथापि 'महल' (१९४९) पाहतांना एक गोष्ट डोळ्यांत भरते. त्यांत काळोख ही केवळ प्रकाशाची उणीव नव्हे. जुना वाडा, हलता झोपाळा, मुखाच्या एकाच अंगावर पडलेला उजेड, ह्यांवरच कथेचा सारा संशय तोलला आहे. जर्मन मूकपटांतील छायाप्रधान रीति ती हीच. उलट 'अछूत कन्ये'त देविकाराणीच्या मुखावरील प्रकाश अगदीं मृदु आहे. म्हणून गडद छाया दिसली कीं विर्शिंगचा हात, असें अनुमान करणें म्हणजे एका अक्षराच्या वळणावरून पोथीचा काळ ठरविण्यासारखेंच होय.

'पाकीजा'विषयीं तर हें अनुमान अधिकच लंगडें पडतें. काळ्यापांढऱ्यांत आरंभिलेला हा बोलपट पुढें रंगांत व सिनेमास्कोप पद्धतीनें घेतला गेला. अर्थात् 'महल'मधील खुणा तेथें जशाच्या तशा सांपडावयाच्या नाहींत.

सुदैवानें विर्शिंग चलच्चित्राच्या यंत्राबरोबर साधा कॅमेराही बाळगीत असे. त्यानें काढलेलीं हजारों छायाचित्रें कुटुंबियांनीं जपलीं. त्यांपैकीं निवडक २०१७ सालीं गोव्यांत प्रदर्शित झालीं. पडद्यावर न येणारे दिवे व सहायक त्यांत दिसतात. तथापि हा संग्रह मुख्यतः बॉम्बे टॉकीजच्या काळाचा असल्यानें प्रस्तुत वादाचा निकाल त्यानें लागत नाहीं. 'पाकीजा'च्या चित्रणाच्या दैनिक नोंदी कोणा संग्राहकाजवळ असतील, तर त्यांनीं त्या तारीखवार उतरवून प्रसिद्ध कराव्या, अशी विनंती आहे.