एका ब्रह्मचाऱ्याचा पराभव

विनोद हा वाङ्मयाच्या पंक्तींत नेहमीं शेवटच्या पानावर बसविला जाणारा पाहुणा होय. गंभीर ग्रंथाला मान मिळतो, शोकांत नाटकाला अश्रू मिळतात. विनोदाला हंशा मिळतो, आणि हंशा विरला कीं त्याचें ऋणही विसरलें जातें. परंतु जें काम व्याख्यानांना आणि ग्रंथांना साधत नाहीं, तें एखादी हलकीफुलकी प्रेमकथा सहज करून जाते, असेंही समाजाच्या इतिहासांत घडतें. १९३८ सालीं पडद्यावर आलेला ‘ब्रह्मचारी’ हा मराठी बोलपट याचें उत्तम उदाहरण आहे.

मास्टर विनायक, बाबूराव पेंढारकर आणि छायालेखक पांडुरंग नाईक या तिघांनीं १९३६ सालीं कोल्हापुरास ‘हंस पिक्चर्स’ ही संस्था काढली. तिचा पहिला बोलपट ‘छाया’ वि. स. खांडेकरांच्या लेखणींतून उतरला होता. पुढें खांडेकरांच्याच कथेवर, चंद्रमोहन या नामांकित नटाला घेऊन, ‘ज्वाला’ हा भव्य मांडणीचा बोलपट संस्थेनें काढला. पण तो प्रेक्षकांना फारसा रुचला नाहीं. ‘ब्रह्मचारी’ला राजवाडे नकोत, सैन्य नको, भरजरी पोशाख नकोत. रोजच्या पाहण्यांतलीं घरें, चार विनोदी नट आणि एक फर्डी लेखणी एवढ्यावर त्याचें भागलें. ती लेखणी प्र. के. अत्रे यांची होती. पुण्याच्या लष्कर भागांतील शाळेचे मुख्याध्यापक म्हणून नांवाजलेल्या अत्र्यांनीं तोंवर ‘साष्टांग नमस्कार’ आणि ‘लग्नाची बेडी’ या नाटकांनीं महाराष्ट्राला पोट धरून हंसविलें होतें.

कथा अगदीं साधी आहे. औदुंबर नांवाचा एक तरुण ब्रह्मचर्याच्या महतीवरील व्याख्यान ऐकतो आणि पेटून उठतो. नटींचीं जमविलेलीं चित्रें तो फेंकून देतो, व्यायामास लागतो आणि एका आचार्यांच्या संस्थेंत दाखल होतो. इतक्यांत किशोरी त्याच्या दृष्टीस पडते, आणि व्रताचा तट ढांसळूं लागतो! औदुंबराची भूमिका स्वतः दिग्दर्शक विनायकांनींच केली. त्या वेळीं त्यांचें वय अवघें बत्तीस होतें. किशोरी झालेल्या मीनाक्षी शिरोडकर तर विशीच्या उंबरठ्यावरून नुकत्याच पुढें सरकल्या होत्या.

या हंशाचें मोल कळण्यासाठीं तो काळ डोळ्यांपुढें आणला पाहिजे. शारदा कायदा अंमलांत येऊन आठच वर्षें झालीं होतीं. तरुणांनीं संसाराचा मोह टाकून देशकार्याला वाहून घ्यावें, हा उपदेश सभांतून घुमत होता, आणि कित्येकांनीं तो मनोभावें आचरिलाही होता. दुसरीकडे, स्त्रीपुरुषसंबंधांविषयीं उघड व शास्त्रीय चर्चा करणाऱ्या र. धों. कर्व्यांना ‘समाजस्वास्थ्य’ मासिकापायीं न्यायालयांत उभें राहावें लागलें होतें. ज्या विषयावर गंभीरपणें लिहिणें हा गुन्हा ठरत होता, त्याच विषयावर अत्रे-विनायकांनीं चित्रगृहांत हंशा पिकविला.

मात्र तो हंशा कोणाच्या निष्ठेची टवाळी करणारा नव्हता. औदुंबर लबाड नाहीं, तो भाबडा आहे. स्वतःचें मन न ओळखतां दुसऱ्याच्या भाषणावर जन्माची प्रतिज्ञा करणें, एवढाच त्याचा अपराध! प्रेक्षक त्याला हंसले, कारण त्याच्यांत त्यांना आपलाच मुलगा, भाऊ किंवा स्वतःचें प्रतिबिंब दिसलें.

वादळ उठलें तें निराळ्याच कारणानें. पोहण्याच्या पोशाखांत जलक्रीडा करीत किशोरी गाणें म्हणते, त्या दृश्यानें सनातनी मंडळी खवळली. दादा चांदेकरांची तिची चाल मात्र घरोघर पोहोंचली. निषेध आणि गर्दी दोन्ही वाढलीं. पण त्या पोशाखाच्या चर्चेंत एक गोष्ट झांकून गेली. या कथेंत मुलगी मान खालीं घालून मागणीची वाट पाहत नाहीं. नवरा निवडण्याचा हक्क ती हंसतखेळत स्वतःच बजावते. मध्यमवर्गाला खरा धक्का बसावा असें कांहीं असेल, तर तें हें.

‘हंस’चा संसार फार टिकला नाहीं. ‘ब्रँडीची बाटली’ आणि ‘अर्धांगी’ हे विनोदी बोलपट देऊन मंडळी ‘नवयुग’कडे वळली. विनायक १९४७ सालीं, वयाच्या अवघ्या एकेचाळिसाव्या वर्षीं, निवर्तले. अत्रे पुढें ‘श्यामची आई’ काढून राष्ट्रपतींच्या सुवर्णपदकाचे पहिले मानकरी झाले. ‘ज्वाला’चें वैभव आज अभ्यासकांखेरीज फारसें कोणी आठवीत नाहीं, औदुंबराची फजिती मात्र लोकांच्या स्मरणांत राहिली आहे. थोड्या खर्चांत, जवळच्या माणसांविषयीं, खोटेपणा न करतां सांगितलेली गोष्ट दीर्घायुषी ठरते, ती अशी. त्या ब्रह्मचाऱ्याचा पराभव झाला, आणि आपलें मन आपण ओळखावें हा धडा एक पिढी हंसतां हंसतां शिकली.