शैलजा पाईक : दलित स्त्रियांच्या शिक्षणाचा इतिहास लिहिणाऱ्या अभ्यासक

ऑक्टोबर २०२४ मध्ये अमेरिकेतील मॅकआर्थर फाउंडेशनने त्या वर्षीच्या २२ फेलोंची नावे जाहीर केली. त्यात पुण्याच्या येरवड्यात वाढलेल्या इतिहासकार डॉ. शैलजा पाईक होत्या. आठ लाख डॉलरचा आकडा आपल्या सगळ्यांच्या मोबाईलवर फिरला, अभिनंदनाचे फलक झाले. त्यांनी नेमके काय लिहिले आहे, याची चर्चा मात्र आम्हाला फारशी कुठे दिसली नाही. म्हणून हा परिचय.

पाईक यांचे बालपण येरवड्याच्या वस्तीत, एका खोलीच्या घरात गेले. नियमित पाणी नाही, घरात शौचालय नाही. चार बहिणी, आणि मुलींनी शिकलेच पाहिजे असा आग्रह धरणारे वडील. पुणे विद्यापीठातून बी.ए. आणि एम.ए. झाल्यावर फोर्ड फाउंडेशनच्या शिष्यवृत्तीवर त्या इंग्लंडला गेल्या आणि २००७ साली वॉरिक विद्यापीठाची पीएच.डी. मिळवली. २०१० पासून त्या अमेरिकेतील सिनसिनाटी विद्यापीठात इतिहास शिकवतात.

त्यांचे पहिले पुस्तक २०१४ मध्ये आले. विषय : आधुनिक भारतातील दलित स्त्रियांचे शिक्षण आणि त्यांना सोसावा लागणारा दुहेरी भेदभाव. जात म्हणून एक आणि बाई म्हणून दुसरा, अशी ही साधी बेरीज नाही. दोन्ही एकमेकांत कसे मिसळतात, हे पाईक दाखवतात. दलितांच्या शिक्षणाचा इतिहास लिहिला गेला तो बहुतेक मुलग्यांचा आणि स्त्रीशिक्षणाचा लिहिला गेला तो बहुतेक उच्चवर्णीय स्त्रियांचा. आपल्या आज्या-पणज्या दोन्हीकडून निसटल्या. खरे तर जोतिराव-सावित्रीबाईंच्या शाळेत शिकलेल्या मुक्ता साळवे हिने १८५५ मध्येच मांग-महारांच्या दुःखावरचा निबंध ‘ज्ञानोदय’मध्ये छापून आणला होता. म्हणजे लिहिणारी मुलगी होती, इतिहासाने तिला बाजूला ठेवले.

विसाव्या शतकाच्या सुरुवातीला उच्चवर्णीय सुधारकांच्या चर्चेत मुलीला शिकवायचे ते प्रामुख्याने चांगली पत्नी, चांगली माता व्हावी म्हणून. फुले-आंबेडकरी परंपरेत शिक्षण हा हक्क होता, माणूस म्हणून उभे राहण्याचे साधन होते. २० जुलै १९४२ रोजी नागपूरच्या महिला परिषदेत बाबासाहेबांनी समाजाची प्रगती स्त्रियांच्या प्रगतीवरून मोजण्याची गोष्ट केली, ती याच धाग्यातली. आंबेडकरी चळवळीतून घडलेली ही नवी, धीट, हक्क सांगणारी स्त्री पाईक यांच्या लेखनाच्या मध्यभागी आहे.

पुस्तकाचा दुसरा भाग आम्हाला जास्त महत्त्वाचा वाटतो, कारण तो अडचणीचा आहे. पुण्या-मुंबईतल्या वेगवेगळ्या पिढ्यांतील दलित स्त्रियांशी पाईक बोलल्या. त्यातून दिसते की शाळा ही एकाच वेळी सुटकेची आणि अपमानाची जागा होती. कुठे बसायचे, भाषा ‘शुद्ध’ आहे की नाही, आडनाव सांगायचे की लपवायचे, या सगळ्यातून जात पुन्हा समोर यायची. २००९ च्या एका लेखाच्या शीर्षकासाठी तर त्यांनी छडीचे कौतुक करणारी, प्रत्येक मराठी शाळेत ऐकू येणारी ओळच घेतली. छडी कोणाच्या हातावर जास्त पडायची, हा त्यामागचा प्रश्न. आणि शिकून नोकरी लागली तरी घरकाम, लग्न, सासर यांचा भार बाईवरच राहिला, हेही त्या लपवत नाहीत.

वस्त्यांत काम करताना आम्ही हे रोज पाहतो. पाणी भरायचे, धाकट्या भावंडांना सांभाळायचे, म्हणून शाळा बुडते ती मुलीची. क्लासची फी एकाचीच परवडत असेल तर ती मुलाची भरली जाते. घरात बाबासाहेबांचा फोटो असतो, त्याच्याखालीच हे ठरते. जातीबद्दल बोलताना आपला आवाज चढतो, या गोष्टीवर मात्र आपल्या सभांमध्ये कुजबुजही होत नाही.

‘महार’, ‘दलित’, ‘बौद्ध’ या नावांच्या राजकारणावरचा त्यांचा २०११ चा लेख तरुणांनी मुद्दाम मिळवून वाचावा. कोण स्वतःला कुठे काय म्हणवतो, कोणत्या नावात अभिमान आहे आणि कोणते नाव केवळ सोयीचे, याचा शोध त्यात आहे. शाळेच्या दाखल्यावर काय लिहायचे यावरून घरोघरी होणारे वाद ज्यांनी ऐकले आहेत, त्यांना तो परका वाटणार नाही.

२०२२ चे दुसरे पुस्तक तमाशातील स्त्रियांवर आहे. पवळाबाई हिवरगावकरांपासून मंगला बनसोडे यांच्यापर्यंतचा हा इतिहास ‘अश्लील’, ‘अस्सल’ आणि ‘मनुस्की’ या तीन मराठी शब्दांभोवती फिरतो. त्याला अमेरिकन हिस्टॉरिकल असोसिएशनचे जॉन एफ. रिचर्ड्स पारितोषिक मिळाले. आपल्यातल्या काहींना हे पुस्तक रुचणार नाही. तमाशा सोडणे हा स्वाभिमानाचा भाग होता, ही चळवळीची भूमिका आम्हालाही मान्य आहे. पण त्या फडावर पोट असलेल्या बाईचे पुढे काय झाले, समाजाने प्रतिष्ठा मिळवताना तिला कुठे उभे केले, असे पाईक विचारतात. तो प्रश्न विचारण्याचा अधिकार त्यांनी अभ्यासातून मिळवला आहे.

एक खंत आहे. दोन्ही पुस्तके इंग्रजीत लिहिलेली आहेत आणि ज्या बायकांच्या तोंडून हा इतिहास आला त्या मराठीत बोलल्या होत्या. शांताबाई कांबळे, बेबीताई कांबळे, कुमुद पावडे, ऊर्मिला पवार यांची आत्मकथने मराठीत आहेत. मीनाक्षी मून आणि ऊर्मिला पवार यांचे ‘आम्हीही इतिहास घडवला’ १९८९ पासून आहे. अभ्यास मंडळ सुरू करणाऱ्यांनी तिथून सुरुवात करावी आणि ज्यांना इंग्रजी जमते त्यांनी पाईक यांचे एकेक प्रकरण वाचून बाकीच्यांना मराठीत सांगावे. एका बैठकीला एक प्रकरण पुरते.